पिल्लाला गाडी लागते, आणि गणपतीला गावी जायचंय

प्रश्न : डॉक्टर नमस्कार, आम्ही पुण्यात कोथरूडला राहतो. तीन आठवड्यांपूर्वी आमच्याकडे बुंदी आली, बीगल आहे, आता ११ आठवड्यांची झाली. घरात एकदम मस्त असते, चपला चावणं वगैरे जोरात चालू आहे, पण गाडीत बसवली की पाच मिनिटांत लाळ गळायला लागते आणि कर्वे पुतळ्यापर्यंत पोचेपर्यंत उलटी. आतापर्यंत चारदाच बसलीय, एकदा तिला आणताना, दोनदा लस द्यायला आणि एकदा जुलाब झाले म्हणून डॉक्टरकडे. गणपतीला आम्हाला चिपळूणजवळ गावी जायचंय, कुंभार्ली घाटातून, अजून पाच आठवडे आहेत. सासूबाई म्हणतात लिंबू हुंगायला द्या, मिस्टर म्हणतात रोज जबरदस्तीने फिरवू म्हणजे सवय होईल. तिला इथे ठेवायला कोणी नाहीये. काय करू?

उत्तर : ताई, तुमच्या पत्रातच अर्धं उत्तर आहे, ते चार प्रवास परत मोजा. पहिल्यांदा गाडीत बसली तेव्हा आई आणि भावंडं कायमची सुटली, दुसऱ्या-तिसऱ्यांदा सुई टोचली, चौथ्यांदा पोट दुखत असताना परक्या माणसाने थर्मामीटर लावला (कुठे लावतात ते तुम्ही बघितलंच असेल). बुंदीच्या हिशोबाने गाडी म्हणजे वाईट काहीतरी होणार, शंभर टक्के. त्यात तिला खरंच गाडी लागतेय. म्हणजे दोन वेगळ्या गोष्टी एकात एक अडकल्यात, भीती आणि मळमळ, आणि त्या सोडवल्याशिवाय नुसतं फिरवून काही होणार नाही. त्यामुळे मिस्टरांचा उपाय बाद. रोज उलटी करवली तर सवय उलटीचीच लागेल.

गाडी लागणं हे पिल्लांमध्ये मोठ्या कुत्र्यांपेक्षा बरंच जास्त दिसतं. कानाच्या आत तोल सांभाळणारा जो भाग असतो तो पिल्लांचा अजून पूर्ण तयार झालेला नसतो, डोळे सांगतात मी सीटवर स्थिर बसलोय आणि कान सांगतो अरे हलतोयस, वळतोयस, आणि मग पोट ढवळतं. आपल्याकडे पोरांना घाटात होतं तेच. बरीचशी पिल्लं वर्षाची होईपर्यंत यातून आपोआप बाहेर पडतात. पण भीती मात्र आपोआप जात नाही, ती उलट पक्की होत जाते. म्हणून आत्ताचं काम भीती बसू न देण्याचं आहे, मळमळीचं नंतर बघता येतं.

आता एक छोटी टेस्ट करा, आज संध्याकाळीच करा. पार्किंगमध्ये गाडी बंद असताना बुंदीला घेऊन मागच्या सीटवर बसा, दहा मिनिटं, इंजिन चालू करायचं नाही. तिच्या तोंडाकडे बघत रहा. कुत्र्याला मळमळायला लागलं की उलटी एकदम येत नाही, आधी खूप काही होतं, आपलं लक्ष रस्त्यावर असतं म्हणून दिसत नाही. पहिलं म्हणजे ती जीभ काढून नाक-ओठ चाटायला लागते, खाणं समोर नसताना. मग घोट गिळते, गळा हलताना दिसतो. मग जांभया, झोप आलेली नसतानाच्या, लांबलचक. मग ओठाच्या कोपऱ्यातून लाळेची तार लोंबायला लागते, छाती ओली होते, आणि मग ती एकदम गप्प होते, मान खाली घालते, आणि त्यानंतर पोट आत-बाहेर व्हायला लागलं की तुमच्याकडे फार तर अर्धा मिनिट आहे. ही लाळ उभ्या गाडीतच सुरू झाली तर ते भीतीचं आहे. उभ्या गाडीत मजेत बसली आणि दोन वळणं झाल्यावर सुरू झाली तर गाडी लागण्याचं. तुमच्या बाबतीत मला वाटतं दोन्ही निघेल.

मग सुरुवात बंद गाडीपासूनच. पहिला आठवडाभर तिचं एक जेवण गाडीत. वाटी मागच्या सीटवर किंवा डिकीत, जिथे ती पुढे प्रवासात बसणार आहे तिथेच, दार सताड उघडं, तुम्ही शेजारी मोबाइल बघत बसा. खाऊन झालं की उतरवा आणि घरी. एवढंच. पहिल्या दिवशी आत यायलाच तयार नसेल तर वाटी दाराजवळ खाली ठेवा, रोज थोडी थोडी आत सरकवा, उचलून कोंबू नका. आणि हो, ती जी आरशाला लटकवतात ना वासाची बाटली किंवा कापूर-बिपूर, ती आधी काढून टाका, आपल्याला मंद वाटणारा वास त्या नाकाला म्हणजे उदबत्तीचा अख्खा पुडा पेटवल्यासारखा आहे. मागच्या उलट्यांचा वासही राहिलेला असणार, तो नुसत्या फडक्याने जात नाही, पाण्यात पांढरं व्हिनेगर घालून पुसा आणि गाडी उन्हात दारं उघडी टाकून वाळू द्या.

मग दार लावून बसायचं. मग इंजिन चालू करून बसायचं, गाडी जागेवरच. कित्येक पिल्लांना प्रॉब्लेम इंजिनाचा नसतोच, सेंट्रल लॉकच्या खट्ट आवाजाचा किंवा वायपरचा असतो, ते नुसतं बघूनच कळतं. मग सोसायटीच्या गेटपर्यंत जाऊन परत. मग एक चौक. पुढची पायरी कधी घ्यायची याचा हिशोब अगदी सोपा आहे, हातातला खाऊचा तुकडा ती घेते का बघा. बीगलने खायला नाही म्हटलं म्हणजे प्रकरण गंभीर आहे समजायचं, बीगल भिंतीचा चुनाही खाते. घेतला तर उद्या पुढे जा, तोंड फिरवलं तर उद्या एक पायरी मागे, आणि त्यात वाईट वाटून घ्यायचं कारण नाही. खाऊ म्हणजे शेंगदाण्याएवढा तुकडा हां, उकडलेलं चिकन किंवा पनीर, आणि तो गाडी उभी असताना. चालत्या गाडीत भरवत राहिलात तर तेच बाहेर येणार.

आणि या छोट्या चकरा कुठेतरी छान ठिकाणी संपू देत. बहिणीच्या घरी, मैत्रिणीच्या गच्चीवर, जिथे तिचे लाड होतील तिथे. तिच्या लसी अजून पूर्ण झालेल्या नाहीत ना, तिसरा डोस व्हायचा असेल, साधारण १६ आठवड्यांपर्यंत तो कोर्स चालतो, तोवर बागेत, रस्त्याकडेला, जिथे दहा कुत्री फिरतात तिथे जमिनीवर सोडायचं नाही. पार्व्हो या जीवघेण्या उलट्या-जुलाबाच्या आजाराचा विषाणू मातीत महिनोन्‌महिने टिकतो. पण म्हणून कोर्स संपेपर्यंत घरात कोंडूनही ठेवू नका, हा सल्ला अजून खूप जण देतात आणि मला तो पटत नाही. साधारण १२ ते १४ आठवड्यांपर्यंतच्या काळात पिल्लू नवीन गोष्टी पटकन स्वीकारतं, नंतर तेच काम दुप्पट मेहनतीचं होतं. कडेवर घेऊन जग दाखवा, गाडीच्या खिडकीतून दाखवा.

माझीच गोष्ट सांगते. नुकती डिग्री हातात आलेली, म्हणजे मला सगळं कळतं असं वाटायचं वय, आणि घरी शेरू नावाचं गावठी पिल्लू, अडीच-तीन महिन्यांचं. मावशीकडे पाचगणीला निघालो, निघताना लांबचा प्रवास आहे म्हणून मीच त्याला वाटीभर दूध-पोळी चारली, पोट भरलेलं असलं की झोपेल अशी माझी थिअरी. पसरणी घाटाच्या तिसऱ्या वळणाला सगळी दूध-पोळी माझ्या मांडीवर. उरलेला घाट शेरू थरथरत आणि मी रडत. त्यानंतर सहा महिने तो गाडी दिसली की जिन्याखाली जाऊन बसायचा, आणि त्याला परत गाडीत आणायला मला जेवढा वेळ लागला तेवढ्यात चार पिल्लं शिकली असती. तर घाईचा अनुभव माझ्याकडे भरपूर आहे.

तिसऱ्या-चौथ्या आठवड्यात पंधरा-वीस मिनिटांचे प्रवास नीट होत असतील तर एका रविवारी पहाटे, ट्रॅफिक नसताना, जुना कात्रज घाट हळू चढून उतरून या. कुंभार्लीची रंगीत तालीम समजा. तिथे उलटी झालीच तर डॉक्टरशी बोला, औषध आहे. मॅरोपिटंट नावाचं, उलटी थांबवणारं, प्रवासाच्या तास-दोन तास आधी अगदी थोड्या खाण्याबरोबर देतात आणि त्याने कुत्रं गुंगत नाही. पण गाडी लागण्यासाठी ते ४ महिन्यांच्या पुढेच वापरतात आणि डोस वजनावर असतो, तुमची बुंदी गणपतीपर्यंत जेमतेम १६ आठवड्यांची होतेय, म्हणजे निघण्याच्या आठवडाभर आधी तिचं वजन करून तुमच्या डॉक्टरांना विचारून ठेवा. आपण एसटीत बसायच्या आधी घेतो ती गोळी अर्धी करून देऊ नका. गेल्या पावसाळ्यात माझ्याकडे असंच एक पिल्लू आलं होतं, पाव गोळीच दिली हो म्हणत होते, पिल्लू दीड किलोचं.

सासूबाईंचं लिंबू. माणसांना घाटात लिंबू हुंगून बरं वाटतं हे खरं, माझी आजीही पदराला बांधून घ्यायची. पण बहुतेक कुत्र्यांना लिंबू-संत्र्याचा वास अजिबात आवडत नाही, बिचारी आधीच मळमळतेय आणि वर नाकापुढे लिंबू. त्यापेक्षा सासूबाईंकडे जुनी सुती साडीची गोधडी असेल तर ती मागा. आठवडाभर बुंदीच्या झोपायच्या जागी अंथरा, धुवायची नाही, आणि मग तीच गाडीत. घराचा वास सोबत गेला की निम्मी भीती कमी होते.

आता प्रत्यक्ष प्रवासाचं. पहाटे निघा. आदल्या रात्री नेहमीसारखं जेवू द्या, उशिरा निघणार असाल आणि सकाळी खायला द्यायचं असेल तर निघण्याच्या तीन-चार तास आधी आणि नेहमीच्या निम्मं, पाणी थोडं थोडं चालू ठेवायचं. अगदीच लहान जातीचं पिल्लू, पॉमेरेनियन वगैरे, असेल तर ते खूप तास उपाशी ठेवायचं नाही, साखर उतरते आणि ते लटपटायला लागतं, बीगलला तो धोका कमी. मागच्या सीटवर घट्ट बांधलेला क्रेट सगळ्यात बरा, तिला उभं राहून वळता येईल एवढा, खूप मोठा नको, वळणावर आपटते. क्रेट नसेल तर छातीचा हार्नेस आणि तो सीटबेल्टला अडकवायचा पट्टा मिळतो तो. गळ्याच्या पट्ट्याला कधीच अडकवू नका, ब्रेक लागला की सगळा झटका मानेवर येतो. पुढच्या सीटवर मांडीवर घेणार असाल तर एअरबॅग उघडली की काय होईल याचा विचार करा, मला ते लिहायचंही नाहीये. खिडकी दोन बोटं उघडी, डोकं बाहेर नाही.

गाडी कोण चालवणार, मिस्टर ना? मग त्यांना सांगा, डॅशबोर्डवर स्टीलच्या पेल्यात अर्धा पेला पाणी आहे असं समजून चालवायची. निम्मी पिल्लं गाडीला नाही, ड्रायव्हरच्या ब्रेकला ओकतात. उंब्रजला हायवे सोडला की पाटणपर्यंत ठीक असतं, कोयनानगरनंतर वळणं सुरू होतात, तर त्याच्या आधी थांबून तिला शू करू द्या, पाच मिनिटं मोकळी हवा. एरवीही दर दीड तासाने थांबायचं. आणि दार उघडायच्या आधी लीश हातात, हा नियम घरातल्या प्रत्येकाने पाठ करायचा, कारण पिल्लं हरवतात ती नेहमी अशाच ठिकाणी, चहाला थांबलो, पोराने दार उघडलं आणि गेलं पळून. पट्ट्यावर तुमचा फोन नंबर लिहून टाका. वाटेत ओकली तर ओरडायचं नाही, जवळ घेऊन अरे-अरेही करायचं नाही, थांबा, पुसा, पाण्याचा घोट द्या, निघा.

गावी पोचल्यावर एक-दोन गोष्टी, प्रश्नात नाहीत तरी सांगते. तिथे पावसाचं साठलेलं पाणी पिऊ देऊ नका, उंदराच्या मुतातून लेप्टो हा आजार पसरतो आणि कोकणात त्या दिवसांत तो असतोच, तुमच्या लसीत लेप्टो धरलाय का ते कार्डावर बघून घ्या. आरतीच्या वेळी झांजा सुरू झाल्या की तिला मागच्या खोलीत गोधडीवर. आणि मोदक. सारणात बेदाणे असतात, ते कुत्र्याच्या मूत्रपिंडाला घातक आहेत, द्राक्षंही तशीच. घरातल्या एखाद्या प्रेमळ काकांना हे दोनदा सांगावं लागेल.

प्रश्न : ठाण्याहून लिहितोय. आमचं पिल्लू रस्त्यावरून उचललेलं देशी आहे, चार महिन्यांचं, गाडी लागत वगैरे नाही पण गाडीजवळ नेलं की जमिनीला चिकटतं, चारी पाय पसरून. ओढलं तर गुरगुरतं. रिक्षात मात्र आरामात बसतं! हे काय गौडबंगाल?

उत्तर : गौडबंगाल काही नाही, रिक्षाने त्याचं कधी वाईट झालेलं नाही. आणि रिक्षा दोन्ही बाजूंनी उघडी, वारा येतो, वास येतात, पळायला वाट आहे असं त्याला वाटतं. रस्त्यावर जन्मलेल्या पिल्लाला बंद दार म्हणजे पकडलं गेल्याची भावना असते. ओढू मात्र नका. गुरगुरणं ही त्याची नम्र भाषा आहे, ती ऐकली नाही तर पुढची पायरी दात.

दोन्ही बाजूंची मागची दारं उघडी ठेवा, रिक्षाच करून टाका गाडीची. या दारातून खाऊच्या मागे आत, त्या दारातून बाहेर, खेळ म्हणून. पाच-सहा दिवसांत स्वतःहून आरपार पळायला लागेल, मग एक दार लावा. मग दोन्ही, दोन सेकंदांसाठी. वरच्या उत्तरातलं बाकी सगळं तसंच. तोवर डॉक्टरकडे रिक्षाने न्या, गाडी त्या पापातून मोकळी राहू दे. आणि जमलं तर मधूनच एकदा दवाखान्यात नुसतंच जाऊन या, वजन करायचं, काउंटरवर बिस्किट खायचं, परत. आमच्याकडे काही जण असे येतात, आम्हाला अजिबात त्रास नसतो, उलट ती कुत्री पुढे टेबलावर शहाण्यासारखी उभी राहतात.

प्रश्न : नाशिक-मुंबई प्रवासात आम्ही नाश्त्याला थांबतो तेव्हा पगला (पग, पाच महिने) गाडीत ठेवतो, खिडकी चार बोटं उघडी आणि सावलीत. दहा-पंधरा मिनिटंच. बायको म्हणते हे बरोबर नाही. खरं काय?

उत्तर : वहिनी बरोबर आहेत, विषय संपला. पण तुम्हाला आकडे हवे असतील. बाहेर २४ अंश असताना, म्हणजे आपल्याकडची छान थंडगार सकाळ, उन्हात उभ्या बंद गाडीत १० मिनिटांत ३४ होतं आणि अर्ध्या तासात ४३. बाहेर ३५ असेल तर १० मिनिटांतच ४५. खिडकी थोडी उघडी ठेवून यात नावापुरताच फरक पडतो. सावली सरकते, आणि दहा मिनिटांची मिसळ दहा मिनिटांत येत नाही हे तुम्हालाही माहितीय. कुत्र्याला आपल्यासारखा घाम येत नाही, ते धापा टाकून अंग गार करतं, आणि पगचं नाकच इतकं चपटं की धापाही नीट टाकता येत नाहीत. उष्माघाताने माझ्या टेबलावर आलेल्या कुत्र्यांत चपट्या नाकाची सगळ्यात जास्त असतात. आळीपाळीने खा, किंवा बाहेरच्या टेबलावर त्याला लीशने पायाशी बसवून. पार्सल हा पण पर्याय आहे, तर्री सांडेल फक्त.

प्रश्न : कोल्हापुरात गाडी नाही, स्कूटर आहे. पिल्लू पुढे पायाशी उभं राहतं, त्याला आवडतंय असं दिसतं. चालेल ना?

उत्तर : दिसतंय खरं, मलाही रोज दिसतात अशी, कान उडवत उभी. पण एका भटक्या कुत्र्यावर भुंकून उडी मारली की संपलं, आणि तुम्ही त्याला पकडायला हात सोडला की तुम्हीही. पाच किलोच्या आतलं असेल तर पुढे छातीला बांधायची पिल्लांची बॅग मिळते, त्यात, मागच्या सीटवर बसणाऱ्याकडे, चालवणाऱ्याकडे नाही. आधी घरात बॅगेत बसवून दोन-चार दिवस फिरा, बॅगेची चेन वरपर्यंत लावायची नाही. त्याहून मोठं झालं की रिक्षा, आणि रिक्षावाले मामा आधीच फोन करून विचारून ठेवलेले बरे, सीटवर घालायला जुनी चादर आणतो म्हटलं की बहुतेक जण हो म्हणतात.